पिंगळेनानांनी न प्यायलेली दारू

पिंगळेनाना आयुष्यात दारूच्या थेंबालाही शिवले नाहीत. हे मी आधीच सांगून टाकतो. कारण नाशिकरोडपासून निफाडपर्यंत कुणालाही विचारा, लोक गळ्यावर हात ठेवून सांगतील की असा अट्टल बेवडा या भागात दुसरा झाला नाही. वर ऐकवतील, "अहो, पिक्चर निघालाय त्यांच्यावर!" तो पिक्चर मीच काढलाय. तेव्हा या विषयावर बोलायचा पहिला हक्क माझा.

नाना एकलहऱ्याच्या वीजकेंद्रात स्टोअर्सला हेडक्लार्क होते आणि तिथल्याच कॉलनीत राहायचे. वारं फिरलं की कॉलनीतल्या बायका दोरीवरचे कपडे काढायला पळायच्या, नाहीतर सगळ्यावर राख बसायची. त्याच वेळी नाना कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून फाटकाशी उभे असायचे. राखेची काय बिशाद होती त्या शर्टावर बसायची! अंगाने किरकोळ, नाक भलंथोरलं, आणि आवाज असा की "नट-बोल्ट संपले" एवढं म्हणाले तरी समोरच्याला घरातलं कुणीतरी गेल्यासारखं वाटायचं.

दारूशी त्यांचं पिढीजात वैर असावं असं ते वागायचे. होमिओपथीच्या गोळ्या घ्यायचे नाहीत. "त्या कशात भिजवतात माहितीये? स्पिरिटमध्ये! माझी सर्दी मला प्यारी." खोकल्याच्या औषधाची बाटली आणली की आधी भिंग घेऊन तिच्यावरचं बारीक अक्षर वाचायचे आणि मग ती दुकानात परत करून यायचे. खोकत खोकत परत करायचे. दाढीनंतर फक्त तुरटी. एकदा नाताळात कुठल्याशा साहेबाच्या घरून केक आला. त्यात रम असते असं कुणीतरी नानांच्या कानात सांगितलं. नानांनी तो फाटकावरच्या कुत्र्याला घातला आणि दिवसभर त्या कुत्र्याच्या चालीवर नजर ठेवून बसले. सोड्यालासुद्धा घरात बंदी. मला म्हणायचे, "विलास, सोडा म्हणजे दारूच्या घरचा मेहुणा. मेहुण्याला बसायला पाट दिला की मागोमाग दाजी येणारच!"

लग्नाकार्यात काचेच्या ग्लासातून सरबत आलं की नाना स्टीलचा पेला मागून घ्यायचे. मी एकदा म्हटलं, "नाना, लिंबाचं सरबत आहे हो."

"तुला माहितीये ते लिंबाचं आहे. लांबून बघणाऱ्याला काय माहीत? त्याच्या मनात एकदा किंतु आला की आपण संपलो."

मला तेव्हा हे सगळं विक्षिप्तपणाचं वाटायचं. आणि आता खरी गंमत ऐका. हाच माणूस स्टेजवर चढला की दारुड्याचं काम करायचा. फक्त दारुड्याचंच. गणपतीत, कामगारांच्या नाट्यस्पर्धेत, नाटक कुठलंही असो, नानांसाठी त्यात एक दारुडा घुसडावा लागायचा. एका वर्षी ऐतिहासिक नाटक बसवलं, तर त्यातही किल्ल्याच्या दरवाज्यावर एक झिंगलेला पहारेकरी निघाला. नाना टोपी वाकडी करायचे, एक डोळा मिटायचे, उचकी द्यायचे आणि धडपडत जाऊन खांबाला मिठी मारायचे, की मांडवात शिट्ट्याच शिट्ट्या. नाना आत गेले की पब्लिक "वन्समोअर" म्हणून ओरडायचं आणि नाना खरोखर परत येऊन दुसऱ्या खांबाला मिठी मारायचे. पहिल्या रांगेत बसलेल्या सुमनकाकू, म्हणजे नानांच्या मिसेस, शेजारणीला मोठ्याने सांगायच्या, "घरी चहासुद्धा सांडत नाही हो ह्यांच्या हातनं!" ते वाक्य त्या दर प्रयोगाला म्हणायच्या.

मी त्या काळात नाशिकरोडला लग्नाच्या शूटिंगची कामं करायचो. सत्त्याण्णव-अठ्ठ्याण्णवची गोष्ट असेल. एक व्हिडिओ कॅमेरा, दोन हॅलोजन आणि एक इफेक्ट एवढं माझं भांडवल. इफेक्ट म्हणजे बदामाच्या आकारात नवरा-नवरी. एक दिवस जेलरोडच्या पुढे नवीनच निघालेल्या व्यसनमुक्ती केंद्राच्या डॉक्टरीणबाई दुकानात आल्या. पन्नाशीच्या, ठसठशीत बाई. म्हणाल्या, "दारू सुटते, त्यावर उपचार असतो, एवढं लोकांना पटवायचंय. वीस मिनिटांची फिल्म करा. टेम्पोत टीव्ही घालून गावोगाव दाखवू. आणि हो, बदाम नको."

आता त्यात दारुडा दाखवायचा म्हणजे माणूस पाहिजे. केंद्रातली मंडळी तोंड दाखवायला तयार नव्हती. आणि ज्यांनी नुकती सोडलीय त्यांच्या हातात खोटी का होईना, बाटली द्यायला बाई तयार नव्हत्या. मी म्हटलं, बाई, काळजीच सोडा. एकलहऱ्यात आपला हुकमी माणूस आहे.

नाना हरखले. कॅमेऱ्यापुढे पहिलंच काम. पण बाटली आणायची कुणी, हा प्रश्न आला. मी रिकामी बाटली आणून देतो म्हटलं तर नानांना पटेना. नटाने आपली वस्तू आपण पारखून घ्यावी, असं त्यांचं म्हणणं. मग ते भंगारवाल्याकडे स्वतः गेले. कुणी ओळखू नये म्हणून डोक्यावर हेल्मेट घालून गेले. आता त्या काळात आमच्याकडे हेल्मेट घालतंय कोण? वीजकेंद्राच्या गेटपासून सिन्नर फाट्यापर्यंत जो तो वळून बघू लागला. त्यात नानांची स्कूटर सगळ्यांच्या ओळखीची. भंगारवाल्याने तर हाकच मारली, "या पिंगळेसाहेब! बाटली पाहिजे का? क्वार्टर की खंबा?" नानांनी हेल्मेटच्या आतून "फुलदाणीसाठी" असं उत्तर दिलं. काकूंनी ती बाटली घरात येऊ दिली नाही. ती बाहेर नळाखाली चुना लावून घासली, उकळत्या पाण्याने धुतली, मग कोरा चहा भरला. ती बाटली इतकी लखलखीत झाली की कॅमेऱ्यात औषधाची वाटायला लागली आणि मला वरून परत माती फासावी लागली.

रंगीत तालीम केंद्राच्या हॉलमध्ये होती. सकाळची वेळ. उपचाराला राहिलेली मंडळी भिंतीला टेकून बसलेली. नानांनी टोपी वाकडी केली, उचकी दिली, आणि खांब नव्हता म्हणून औषधांच्या कपाटाला मिठी मारली. एरवी या जागेला टाळी ठरलेली. इथे कुणी हूं नाही की चूं नाही. शेवटी मनमाडचा शंकर मिस्त्री, रेल्वेतला माणूस, उठून उभा राहिला.

"नाना, राग नका मानू. पण हा पिलेला माणूस नाय. हा उन्हात चक्कर आलेला माणूस हाय."

नानांचं नाक लाल झालं. "वीस वर्षं करतोय मी हे काम. बक्षिसं आहेत घरात."

"असतील ना. बक्षीस देणारा पिलेला नव्हता." शंकर पुढे आला. "अहो, पिलेला माणूस डुलतो कशाला? डुलू नये म्हणून तर जीव काढतो तो. सगळी ताकद सरळ चालण्यात घालतो. हे असं बघा."

त्याने चालून दाखवलं. लगेच कोपऱ्यातला दुसरा उठला. "हॅट्! हे तुझं झालं. मी तर भिंत सोडायचो नाय." तिसरा म्हणाला, देशीचं चालणं वेगळं आणि इंग्लिशचं वेगळं, सरसकट काय सांगता? चौथ्याला पडून दाखवायचं होतं. बघता बघता सगळेच उठले. नाना हाताची घडी घालून मधोमध उभे आणि भोवती पंधरा-वीस जण आपापल्या परीने झोकांड्या खातायत, एकमेकांच्या चुका काढतायत, एकजण दरवाज्याच्या कडीशी भांडतोय.

नेमक्या तेव्हाच डॉक्टरीणबाई दारात आल्या.

त्या बिचारीची अवस्था काय झाली असेल, तुम्हीच विचार करा. अख्खं केंद्र भर सकाळी टाइट! "कुणी आणली? कुठून आणली?" असं ओरडत त्या आत शिरल्या. शंकर हात जोडून म्हणतोय, "बाई, नाटक शिकवतोय नानाला," पण ऐकतंय कोण? त्यांनी सगळ्यांना रांगेत उभं केलं आणि एकेकाच्या तोंडाचा वास घेतला. माझा घेतला. नानांचाही घेतला. मी आयुष्यात माणसाचा चेहरा इतका पडलेला पाहिला नाही. नाना त्या दिवशी जेवले नाहीत.

शूटिंगच्या दिवशी मला वाटलं, नाना येतच नाहीत. पण आले. टोपी आणली नव्हती. मेकअप नको म्हणाले. केंद्रामागच्या वॉचमनच्या खोलीला आम्ही दारुड्याचं घर केलं होतं. दारू पिऊन नवरा घरी येतो, एवढाच सीन. मी म्हटलं, नाना, उचकी कुठे द्यायची ते सांगा, म्हणजे क्लोजअप घेतो. ते म्हणाले, "उचकी नाही."

कॅमेरा सुरू झाला. नाना फाटकातून आले. सरळ आले, फार सरळ. दाराशी थांबले आणि पायातल्या चपला काढून जोडीने नीट ठेवल्या. मग वाकून पुन्हा नीट केल्या. एक जरा तिरकी राहिली तर तीही सरळ केली. मग बंद दाराला तोंड लावून अगदी हळू, लाडीगोडीच्या आवाजात म्हणाले, "ए, उघड ना गं. नाही घेतली मी. बघ, चपला कशा नीट काढल्यात. घेतली असती तर जमलं असतं का?"

हे वाक्य कागदावर नव्हतं. माझ्या मागे शंकर मिस्त्री उभा होता, तो तोंडावर हात दाबून बाहेर निघून गेला. मला कॅमेरा बंद करायचं भान राहिलं नाही. पुढची दोन मिनिटं नुसतं दार दिसतं त्या फिल्ममध्ये, आणि तेच सगळ्यात चांगलं झालंय असं लोक म्हणतात.

नंतर आम्ही पायरीवर चहा घेत बसलो. नानांनी चहा संपवला. मग म्हणाले, "आमचे वडील असेच यायचे. गावात मला रघू म्हणून कुणी हाक मारली नाही रे. 'बेवड्याचं' म्हणायचे. ए बेवड्याचं, इकडे ये. ते गेले तेव्हा सुटलो वाटलं मला, आणि त्याचीही लाज वाटली. नोकरी लागली त्या दिवशी ठरवलं. पिंगळे म्हटलं की लोकांना स्वच्छ माणूस आठवला पाहिजे. आख्खी हयात घातली त्यात." मग त्यांनी तो स्टीलचा पेला विसळून उपडा ठेवला. त्या सरबताच्या ग्लासाबद्दल मी त्यांची किती टर उडवली होती!

फिल्म झाली. आधी लोकल केबलवर लागली, एका रविवारी सकाळी. सोमवारी दूधवाल्याने नानांना विचारलं, "आता बरं वाटतंय ना, नाना?"

इथून फजितीला सुरुवात झाली. स्टोअर्समध्ये वीस-वीस वर्षांपासूनचे सहकारी डोळ्यांत पाणी आणून भेटायला लागले. "पिंगळे, एवढं सोसलंत आणि आम्हाला पत्ता लागू दिला नाहीत!" एकजण म्हणाला, "मला शंका होतीच. सरबतसुद्धा लपवून स्टीलच्या पेल्यात घ्यायचात." भंगारवाल्याने हेल्मेटची गोष्ट चौकात रंगवून सांगितली. कॉलनीतल्या बायका काकूंना हळदीकुंकवाला बोलावून जरा जास्तच मायेने वागायला लागल्या. आतापर्यंत स्टेजवरचा दारुडा सगळ्यांना खोटा दिसत होता, म्हणून नाना खरे होते. आता काम इतकं खरं झालं की नानाच खोटे पडले.

बरं, नाकारायची सोय नाही. कारण फिल्मच्या शेवटी डॉक्टरीणबाई स्वतः येऊन बोलतात. त्या म्हणतात, "व्यसनी माणूस सगळ्यात आधी काय म्हणतो? 'मी पीत नाही.' त्याच्या या नकाराला फसू नका." झालं! नाना "मी पीत नाही हो" म्हणाले की लोक एकमेकांकडे बघून समजुतीने मान हलवायचे. जितके चिडतील तितका आजार मोठा. "बाईंनी सांगितलंय ना, चिडतात म्हणून." शेवटी नानांनी वर्तमानपत्रात 'जाहीर खुलासा' छापून आणला. नाव, पत्ता, हुद्दा सगळं घालून: मी आजन्म निर्व्यसनी आहे. तो वाचून ज्यांनी फिल्म पाहिली नव्हती त्यांनाही शंका आली. चोराच्या मनात चांदणं, म्हणाले लोक.

काकूंचा पारा तर विचारू नका. "हात दाखवून अवलक्षण! काय नडलं होतं त्या बाटलीवाचून? माझ्या माहेरी फोन आला काल. भाऊ विचारतो, ताई, मारतात का गं?" आणि हे सगळं मलाच सुनावायच्या, जसं काही मीच नानांना पाजायला नेलं होतं.

मी म्हटलं, मार्ग आहे. फिल्मच्या सुरुवातीला एक पट्टी टाकू. नानांनी रात्रभर बसून मजकूर लिहिला: 'या फिल्ममध्ये मद्यपीची भूमिका करणारे श्री. र. पां. पिंगळे यांनी प्रत्यक्ष जीवनात मद्याला स्पर्शही केलेला नाही, याची प्रेक्षकांनी कृपया नोंद घ्यावी.' 'स्पर्शही' खाली रेघ. डॉक्टरीणबाईंची परवानगी घ्यायला आम्ही केंद्रात गेलो. नाना, मी, आणि बाईंना चार शब्द ऐकवायला पदर खोचून आलेल्या काकू.

काकूंनी सुरुवात केली एवढ्यात बाहेर आरडाओरडा झाला. फाटकात एक पिकअप उभी होती. निफाडकडच्या एका गावातून आलेली माणसं. एक बाई रडत होती आणि गाडीत तिचा नवरा, चाळिशीचा एक द्राक्षबागायतदार, दांडा धरून बसला होता, काही केल्या उतरेना. कारभारी त्याचं नाव. डोळे पिवळे, हात थरथरतायत. त्याच्या गावात आदल्या आठवड्यात आमचा टेम्पो फिल्म दाखवून आला होता.

"कारभारी, उतरा बरं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

"नाय उतरत. ह्या इथं कोणाचं काय सुटत नाय. समदं थोतांड हाय." मग त्याचं लक्ष आमच्या मागे गेलं आणि त्याने बोट केलं. "तो! पिच्चरमधला तो हाय ना? त्याला बोलवा. तो बोलला तर उतरतो. नाय तर माघारी फिरवा गाडी."

डॉक्टरीणबाई नानांकडे बघायला लागल्या. नाना पांढरा शर्ट सावरत गाडीपाशी गेले. वरच्या खिशातून तो पट्टीचा कागद डोकावत होता. कारभारीने त्यांना वरून खाली न्याहाळलं.

"खरं सांगा. तुमी प्यायचे? का नुसतं नाटक?"

आता बघा. या एका प्रश्नाचं खरं उत्तर द्यायला नाना पंधरा दिवस गावभर तडफडत होते आणि कुणी विश्वास ठेवत नव्हतं. आज पहिल्यांदा समोरून विचारणारा माणूस भेटला होता, आणि जे सांगाल ते ऐकून घेईन म्हणत होता. नाही म्हटलं तर नानांची अब्रू जागच्या जागी परत मिळत होती आणि गाडी माघारी फिरत होती. कारभारीची बायको काकूंचा हात धरून उभी होती. नानांचा हात खिशातल्या कागदाकडे गेला.

तेवढ्यात काकू कडाडल्या.

"त्यांना काय विचारता? मला विचारा! प्यायचे? अहो, घरातली भांडी विकली होती ह्यांनी! माझ्या आईने दिलेला तांब्याचा हंडा विकला!"

नाना गर्रकन वळले. तो हंडा घरात माळ्यावर होता, मी डोळ्यांनी पाहिलेला.

"गटारात पडलेले असायचे," काकूंना आता रंग चढला होता. "मी आणि माझा दीर, दोघं उचलून आणायचो. पाहुण्यांपुढे धिंगाणा घालायचे. एकदा तर सत्यनारायणाच्या पूजेत..."

"अगं, सत्यनारायण नको," नाना कळवळून म्हणाले.

"का नको? केलं तेव्हा लाज नाही वाटली!" काकूंच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं आणि जीभ थांबत नव्हती. "पण सोडली. हा माणूस सोडू शकतो तर तुम्हाला काय धाड भरलीय? उतरा खाली!"

कारभारी नानांकडे बघत होता. नानांनी एकदा काकूंकडे पाहिलं, एकदा त्या दुसऱ्या बाईकडे. मग मान खाली घालून म्हणाले, "हो. फार प्यायचो मी." आणि हात पुढे केला. कारभारी त्यांचा हात धरून उतरला.

ती पट्टी मग फिल्मला कधीच लागली नाही. मी विषय काढला तर नाना म्हणाले, "राहू दे रे. आता पट्टी टाकली तर तो केंद्रात राहिलेला कारभारी उठून जाईल." कारभारी नंतर एकदा-दोनदा घसरला, परत आला, आणि मग मात्र त्याची कायमची सुटली. नानांना गावोगावची आमंत्रणं सुरू झाली. व्याख्यानाचा विषय: 'मी दारूच्या तावडीतून कसा सुटलो.' पाठोपाठ काकूही बोलायच्या, त्यांच्याकडे दर गावाला नवीन भांडं विकलेलं असायचं. नाना त्यांना परतीच्या वाटेवर रागवायचे, "अगं, निदान तेच तेच तरी विकत जा!"

एकदा टेम्पोत मी विचारलं, "नाना, तुम्ही भाषणात एवढं तपशिलाने काय सांगता हो?"

"वडिलांचंच सांगतो सगळं," नाना म्हणाले. "नाव फक्त माझं घालतो. आणि शेवट बदलतो. माझ्या तोंडी ते बरे होतात, विलास. घरी येतात. आईशी दोन शब्द नीट बोलतात." मग खिडकीबाहेर बघत राहिले. मलाही भरून आलं.

नाना रिटायर झाले. फिल्मची कॅसेट झिजली, तिची सीडी झाली. नानांना मी शेवटचं पाहिलं ते कारभारीच्याच गावात, शाळेच्या पटांगणावर. द्राक्षांची छाटणी उरकलेली, त्यामुळे माणसं भरपूर. कॅमेरा सुरू करून मी स्टँडपाशी उभा होतो. कारभारी आता गावातला मोठा माणूस झाला होता, केस पांढरे, अंगावर चांगली कापडं. तो शेजारी येऊन उभा राहिला. स्टेजवर सूत्रसंचालक सांगत होता, "आता ऐकूया, एकेकाळचे अट्टल बेवडे, पिंगळेनाना!" टाळ्यांचा कडकडाट झाला आणि नाना हात जोडून उठले. थकले होते खूप, पण आवाज तोच.

कारभारी हळूच म्हणाला, "भाऊ, एक बोलू? ह्या माणसानं कधी थेंब बी घेतला नाय."

मी चपापलो. म्हटलं, "तुम्हाला कुणी सांगितलं?"

"सांगायला कशाला पाहिजे? पहिल्या दिवशीच कळलं. काकू हंडा विकला म्हणल्या, तव्हा नाना कसे दचकले! पिणाऱ्याची बायको चारचौघांत त्याची भांडी काढती ना, तव्हा तो दचकत नाय, भाऊ. तो खाली बघतो. त्याला म्हाईत असतं."

"मग तरी तुम्ही उतरलात?"

"म्हणून तर उतरलो." कारभारीने गळ्यातल्या उपरण्याने डोळे पुसले. "माझ्यापायी कुणी सवताच्या तोंडाला काळं फासून घेईल, असं मला वाटलं नव्हतं. मी कोण त्यांचा? माझा सख्खा भाऊ फाटकापाशी तोंड फिरवून उभा होता तव्हा." मग घाईने माझा दंड धरला. "पण नानांना बोलू नका हां. आपलं नाटक उघडं पडलं म्हणून जिवाला लावून घेतील."

स्टेजवर नाना गटारात पडल्याच्या प्रसंगापर्यंत आले होते. पुढच्या रांगेतल्या बायका पदराने डोळे टिपत होत्या आणि काकू खुर्चीवर पुढे सरकून आपली पाळी कधी येते याची वाट बघत होत्या.

भाषण संपल्यावर कारभारी पुढे गेला आणि नानांना हात देऊन एकेक पायरी खाली उतरवायला लागला. नानांना दम लागला होता, तरी उतरता उतरता त्यांनी त्याच्या कानाशी तोंड नेऊन विचारलं, "कसं झालं आज? खरं वाटलं ना?"

"नाना," कारभारी म्हणाला, "अंगावर काटा आला."

नानांचा चेहरा असा काही फुलला की मी कॅमेरा तसाच चालू ठेवला.